पंथत्यागाची साक्ष आणि तटस्थतेचा आग्रह

१

एखाद्या धर्मपंथाच्या किंवा गुरुसंप्रदायाच्या कडक नियंत्रणातून बाहेर पडलेली व्यक्ती आपल्या अनुभवाविषयी लिहू लागली, की तिच्या लेखनाबाबत मराठी समीक्षा सहसा मौन पाळते. मौन सुटलेच तर दिला जाणारा अभिप्राय ठरीव साच्याचा असतो. लेखन प्रांजळ आहे, पण लेखकाला अनुभवापासून आवश्यक ते अंतर राखता आलेले नाही. चित्रण एकांगी झाले आहे. आकसामुळे दृष्टी गढूळ झाली आहे. सबब हे लेखन सामाजिक दस्तऐवज म्हणून उपयुक्त असले, तरी त्याची वाङ्मयीन गुणवत्ता बेताचीच आहे. या अभिप्रायातील प्रत्येक शब्द समीक्षेच्या परिभाषेतील असल्यामुळे त्याची शहानिशा करण्याची गरज कोणाला वाटत नाही. वस्तुतः यांतील एकही आक्षेप वाङ्मयीन नाही. बाहेर पडलेल्याविषयी पंथ जे म्हणत असतो, तेच येथे सौंदर्यशास्त्राच्या भाषेत म्हटले गेले आहे. तो रागावून गेला, त्याचे ऐकू नका, असे पंथ सांगतो. त्याला अलिप्तता साधली नाही, त्याची दखल घेण्याचे कारण नाही, असे समीक्षा सांगते. दोहोंचा परिणाम एकच होतो.

अलिप्ततेचा हा निकष मराठीत कोठून आला, हे सर्वज्ञात आहे. एलियटने १९१९मध्ये मांडलेला निर्वैयक्तिकतेचा विचार मराठी नवसमीक्षेने आत्मसात केला आणि कवितेच्या आकलनात त्याचा लाभही झाला. मात्र तो सिद्धांत कवितेविषयी होता. भावनेचे कलारूपात परिवर्तन कसे होते, हा त्याचा विषय होता. घडलेल्या गोष्टी सांगणाऱ्या माणसावर विश्वास ठेवावा की नाही, हा नव्हे. साक्ष ही वेगळ्या जातीची लेखनकृती आहे. तिच्यात वक्ता घटनेशी बांधलेला असतो आणि तसे बांधलेले असणे हाच तिचा अधिकार असतो. जो तेथे नव्हता तो तटस्थ असू शकेल, पण तो साक्षीदार नसतो. साक्षीदाराकडून बघ्याची अलिप्तता मागावयाची आणि ती मिळाली नाही म्हणून साक्ष नाकारावयाची, हा तर्क न्यायालयात टिकणार नाही. समीक्षेत मात्र तो दीर्घकाळ टिकून आहे.

२

हा प्रश्न केवळ निकषाचा नाही. तो शब्दसंपत्तीचाही आहे. पंथ सोडणाऱ्यासाठी मराठीत कोणते शब्द आहेत, याची नोंद केली तर चित्र स्पष्ट होते. पाखंडी, धर्मभ्रष्ट, बाटलेला, गुरुद्रोही, घरभेदी, वाळीत टाकलेला. हे सर्व शब्द आत राहिलेल्यांनी बाहेर गेलेल्याला दिलेले आहेत. 'वाळीत टाकणे' या क्रियेचा कर्ता समूह असतो आणि व्यक्ती तिचे कर्म असते. स्वतःहून बाहेर पडणाऱ्याला कर्तेपण देणारा, रोजच्या वापरातला एकही शब्द भाषेने घडविलेला नाही. धर्मशास्त्राने संन्यासाश्रमातून परतलेल्याला 'आरूढपतित' म्हटले. म्हणजे परत येणे हे पडणेच ठरवले. मराठी वाङ्मयाच्या आरंभीच अशा परतलेल्या माणसाचे घर उभे आहे, ही गोष्ट वाङ्मयेतिहासकारांनी पुरेशा गांभीर्याने घेतलेली नाही. परंपरेने सांगितलेल्या कथेत विठ्ठलपंत संन्यास सोडून आळंदीला परततात, ब्रह्मवृंद त्यांना बहिष्कृत करतो आणि 'संन्याशाची पोरे' हा शिक्का ज्ञानेश्वरादी भावंडांच्या वाट्याला येतो. या कथेत गुरूची आज्ञा आहे, ब्रह्मवृंदाचा निर्णय आहे, मुलांनी सोसलेली अवहेलना आहे. विठ्ठलपंतांचे स्वतःचे म्हणणे तेवढे नाही. परंपरेने त्यांचे परतणेदेखील गुरूच्या आज्ञेच्या खाती मांडून ठेवले आहे.

अवमानाचा शब्द उलटवून आपला करता येतो, हे डॉ. आंबेडकरांनी १९२७मध्ये 'बहिष्कृत भारत' हे नाव आपल्या पत्राला देऊन दाखवून दिले. पण ती उलटापालट एका मोठ्या सामूहिक लढ्याच्या बळावर झाली. एकट्याने पंथ सोडणाऱ्याच्या पाठीशी असे बळ नसते. त्याच्या लेखनाला वाङ्मयेतिहासातही स्वतंत्र कप्पा नाही. ते 'धर्मांतर' या कप्प्यात बसले तर बसते, एरवी हरवते. बाबा पदमनजींचे 'अरुणोदय' (१८८८) तेथे बसते, कारण त्यात एका धर्मातून दुसऱ्या धर्मात जाण्याची पूर्ण झालेली वाट आहे. पंडिता रमाबाईंनाही तेथेच बसविले गेले. परंतु त्यांच्या लेखनाचा एक महत्त्वाचा भाग या कप्प्यात मावत नाही. १८८३मध्ये इंग्लंडमध्ये बाप्तिस्मा घेतल्यानंतर रमाबाईंचा वाँटेजच्या भगिनीसंघाशी आणि चर्चच्या अधिकाऱ्यांशी जो पत्रव्यवहार झाला, तो १९७७मध्ये ए. बी. शाह यांनी संपादित केलेल्या ग्रंथातून प्रकाशित झाला. स्वदेशातील पुरोहितांचे जू महत्प्रयासाने झुगारल्यावर आता तसलेच दुसरे जू मानेवर घेण्याची आपली तयारी नाही, अशा आशयाचे त्या भगिनी जेराल्डीन यांना स्पष्टपणे लिहितात. येथे श्रद्धेचा त्याग नाही, आज्ञाधारकतेचा त्याग आहे. पंथत्याग म्हणजे ईश्वराचा त्याग नव्हे, ही साधी गोष्ट 'धर्मांतर' या कोटीमुळे दिसेनाशी होते.

३

पंथत्यागी साक्षीवरील अविश्वासाला अलीकडच्या काळात समाजशास्त्राचाही आधार मिळाला आहे. नव्या धर्मपंथांचा अभ्यास करणाऱ्या पाश्चात्त्य विद्वानांच्या एका गटाने, बाहेर पडलेल्यांच्या कथनांना 'अत्याचारकथा' अशी संज्ञा दिली. डेव्हिड ब्रॉम्ली, ॲन्सन शूप आणि त्यांचे सहकारी यांनी १९७९मध्ये ही कल्पना मांडली. पंथ सोडणारा आपल्या पूर्वायुष्याचे समर्थन करण्यासाठी आणि नव्या वर्तुळात मान्यता मिळविण्यासाठी ठराविक घाटाची कथा रचतो, असा तिचा रोख आहे. ब्रायन विल्सन यांनी पुढे जाऊन, वस्तुनिष्ठ अभ्यासकाने वा न्यायालयाने पंथत्याग्याला विश्वसनीय साक्षीदार मानू नये, अशी भूमिका घेतली. घाटाविषयीचे निरीक्षण उपयुक्त आहे. साक्षीला घाट असतो, हे कोणताही साहित्याभ्यासक मान्य करील. परंतु घाट आहे म्हणून आशय खोटा आहे, हा निष्कर्ष त्यातून निघत नाही. पंथात राहिलेल्याच्या भक्तिकथनालाही तितकाच ठरीव घाट असतो: आधीची अस्वस्थता, गुरूची भेट, साक्षात्कार, शांती. त्याबाबत मात्र अशी शंका क्वचितच उपस्थित केली जाते.

या अविश्वासाची किंमत काय असते, हे १९७८मध्ये दिसून आले. जिम जोन्सच्या 'पीपल्स टेंपल' या पंथाच्या गयानातील वसाहतीतून निसटलेल्या डेबोरा लेटन यांनी त्या वर्षीच्या जून महिन्यात शपथपत्र केले. वसाहतीत सामूहिक आत्महत्येच्या रंगीत तालमी घेतल्या जातात, हे त्यांनी त्यात नमूद केले होते. बाहेर पडलेले इतर सदस्य आणि वसाहतीतील लोकांचे नातेवाईकही तेच सांगत होते. ही सर्व मंडळी खोटारडी व सूडबुद्धीची आहेत, असा प्रचार पंथाने केला. १८ नोव्हेंबर १९७८ रोजी जोन्सटाउनमध्ये ९०९ माणसे मृत्युमुखी पडली. त्यांत तीनशेहून अधिक अल्पवयीन मुले होती. शपथपत्र लिहिणाऱ्या स्त्रीला अलिप्तता साधली होती काय, हा प्रश्न त्यानंतर कोणी विचारला नाही.

याचा अर्थ प्रत्येक पंथत्यागी कथन खरे असते, असा नव्हे. मारिया मंक या नावाने १८३६मध्ये अमेरिकेत प्रसिद्ध झालेली, माँट्रियलच्या मठातील अनाचाराची तथाकथित आत्मकथा बनावट होती आणि कॅथलिकद्वेषाच्या लाटेवर ती खपली. पण ती बनावट असल्याचे कसे ठरले, हे पाहावे. विल्यम स्टोन या प्रॉटेस्टंट संपादकाने प्रत्यक्ष मठात जाऊन पाहणी केली आणि पुस्तकातील वर्णन वास्तूशी जुळत नाही, असे जाहीर केले. येथे निर्णय झाला तो तपासणीने. पूर्वग्रहाने निर्णय करावयाचा असता, तर प्रॉटेस्टंट स्टोनने ते पुस्तक खरे मानले असते. तपासणी आणि अविश्वास या दोन गोष्टी भिन्न आहेत. समीक्षेने पहिलीचे कष्ट टाळण्यासाठी दुसरीचा आश्रय घेतला आहे.

४

तपासणी कशी असते, याचा दाखला मुंबईच्या इतिहासात आहे. करसनदास मुळजी यांनी २१ ऑक्टोबर १८६०च्या 'सत्यप्रकाश' या गुजराती पत्रात वल्लभसंप्रदायाच्या महाराजांवर, म्हणजे संप्रदायाच्या गुरूंवर, अनुयायी स्त्रियांच्या शोषणाचा आरोप करणारा लेख लिहिला. करसनदास त्याच संप्रदायाच्या वैष्णव घराण्यात वाढलेले होते. हिंदूंचा मूळ धर्म आणि सांप्रतची पाखंडी मते, अशी त्या लेखाच्या शीर्षकातच विभागणी होती. वर उल्लेखिलेला 'पाखंडी' हा शब्द येथे बाहेर बोलणाऱ्याने गुरूकडे वळविला आहे. जदुनाथजी महाराजांनी अब्रुनुकसानीचा दावा लावून पन्नास हजार रुपयांची मागणी केली. मुख्य खटला उभा राहण्यापूर्वीच भाटिया समाजातील काही प्रमुखांनी सभा भरवून, महाराजांविरुद्ध कोणीही साक्ष देऊ नये, असा ठराव करण्याचा घाट घातला. साक्षीदारांची तोंडे बंद करण्याच्या या कटाबद्दल त्यांच्यावर स्वतंत्र खटला झाला आणि त्यांना दंड झाला. प्रत्येक नियंत्रक समूहाला आरोपापेक्षा साक्षीचे भय अधिक वाटते, हे येथे दिसते. आरोप बाहेरचाही करू शकतो. साक्ष आतल्यालाच देता येते.

जानेवारी १८६२मध्ये सुनावणी सुरू झाली. करसनदासांच्या बाजूने डॉ. भाऊ दाजी लाड यांनी साक्ष दिली. महाराज मंडळींवर गुप्तरोगांचे उपचार केल्याचे त्यांनी न्यायालयात सांगितले. भाऊ दाजी त्या संप्रदायाचे नव्हते. पण आतल्याने उच्चारलेल्या शब्दाला बाहेरच्या पुराव्याची जोड कशी मिळते, हे त्यांच्या साक्षीने दाखविले. २२ एप्रिल १८६२ रोजी निकाल करसनदासांच्या बाजूने लागला. करसनदासांचा हेतू आकसाचा आहे, हा मुद्दा वादीपक्षाकडे होताच. न्यायालयाने हेतूचा विचार केला, पण हेतू विचारात घेतल्यावर तथ्यांकडे पाठ फिरवली नाही. १६२ वर्षांनी, २०२४च्या जून महिन्यात, या खटल्यावर आधारित 'महाराज' या चित्रपटाविरुद्ध संप्रदायाच्या अनुयायांनी गुजरात उच्च न्यायालयात धाव घेतली, तेव्हा प्रदर्शन काही दिवस थांबले आणि न्यायालयाने चित्रपट पाहून स्थगिती उठविली. साक्षीचे भय पिढ्यांनी ओसरत नाही, एवढे तरी यावरून म्हणता येईल.

५

साक्ष देणाऱ्याला काय मोजावे लागते, हा मुद्दा लेखनप्रकाराच्या चर्चेबाहेरचा समजला जातो. ते चूक आहे, कारण ही किंमत संहितेचा आकार ठरविते. दाऊदी बोहरा समाजाचे उदाहरण घ्यावे. तेथे अनुयायी वयात येतानाच निष्ठेची शपथ घेतो आणि सैयदनांच्या अधिकाराला आव्हान देणाऱ्यावर बहिष्कार पडतो. बहिष्कृताला मशिदीत स्थान नाही, समाजाच्या दफनभूमीत जागा नाही, नातलगांशी व्यवहार नाही. मुंबई राज्याने १९४९मध्ये अशा बहिष्काराविरुद्ध कायदा केला. १९६२मध्ये सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक अशा बहुमताने तो घटनाबाह्य ठरविला. सरन्यायाधीश भुवनेश्वर प्रसाद सिन्हा यांचे मत तेवढे विरोधी होते. सिटिझन्स फॉर डेमॉक्रसीने नेमलेल्या नथवानी आयोगाने १९७९मध्ये छळाच्या तक्रारींचा अहवाल दिला. महाराष्ट्राने २०१६मध्ये सामाजिक बहिष्काराविरुद्ध नवा कायदा संमत केला आणि २०२३मध्ये सर्वोच्च न्यायालयाने १९६२च्या निर्णयाचा प्रश्न नऊ न्यायाधीशांच्या पीठाकडे सोपविला.

या समाजातील सुधारणावादी नेते असगर अली इंजिनिअर हे स्वतः धर्माधिकाऱ्याचे पुत्र होते. सत्तरच्या दशकापासून त्यांनी उघड विरोध केला, हल्ले सोसले आणि आत्मचरित्र प्रसिद्ध झाले ते २०११मध्ये, मृत्यूच्या दोन वर्षे आधी. त्याच्या शीर्षकातही श्रद्धा जिवंत असल्याचा निर्वाळा आहे. रमाबाईंप्रमाणेच येथेही सोडली ती आज्ञाधारकता. दफनभूमीचा प्रश्न ज्याच्या घरात उभा आहे, त्याच्याकडून सलग, सुघटित, पूर्णत्वाला गेलेल्या आत्मकथनाची अपेक्षा करणे हे अज्ञानाचे लक्षण आहे. अशी साक्ष उशिरा येते, तुकड्यातुकड्यांनी येते, तक्रारअर्ज, शपथपत्र, पत्र, मुलाखत अशा रूपांत येते. पुष्कळदा नावाशिवाय येते. 'सेंद्रिय एकात्मता' शोधणाऱ्या समीक्षेला यात केवळ न्यून दिसते. वस्तुतः ज्याला ती न्यून म्हणते, त्यात दडपणाचा माग उमटलेला असतो आणि तो वाचता येणे हे समीक्षकाचे काम आहे.

६

एक आक्षेप मात्र गांभीर्याने घ्यावयास हवा. कोस्लर, सिलोने, जीद, राइट आदींच्या साम्यवादत्यागाच्या निवेदनांचा 'द गॉड दॅट फेल्ड' हा संग्रह १९४९मध्ये प्रसिद्ध झाला, तेव्हा आयझॅक डॉइश्चर यांनी अशी टीका केली होती की, पक्ष सोडणारा पुष्कळदा पक्षाची विचाररीत सोडत नाही. पूर्वी जेथे सर्व शुभ्र दिसत होते, तेथे आता त्याला सर्व काळे दिसते. पंथत्याग्यालाही हे लागू पडते. तो पंथातून बाहेर पडतो, पण पंथाच्या भाषेतून बाहेर पडणे त्याला सहज जमत नाही, कारण ज्या वर्षांविषयी बोलावयाचे ती वर्षे त्याच भाषेत जगलेली असतात. तथापि हा आक्षेप साक्ष नाकारण्याचे कारण होऊ शकत नाही. उलट, तो साक्षीच्या वाचनाचा आरंभबिंदू आहे.

पुण्याशी निगडित असलेले उदाहरण येथे उपयोगी पडेल. रजनीशांचा आश्रम १९७४पासून कोरेगाव पार्कात होता; १९८१मध्ये ते अमेरिकेला गेले आणि ओरेगनमध्ये रजनीशपुरम उभे राहिले. १९८४मध्ये द डॅलस या गावातील उपाहारगृहांच्या खाद्यपदार्थांत साल्मोनेला जंतू मिसळले गेले आणि ७५१ माणसे आजारी पडली. पुढील वर्षी वसाहतीची सूत्रे हाती असलेल्या मा आनंद शीला निघून गेल्या आणि १९८६मध्ये त्यांनी न्यायालयात गुन्हा कबूल केला. रजनीशांची प्रवचने मराठीत अनुवादित झाली, त्यांच्या वक्तृत्वाविषयी आणि दृष्टांतशैलीविषयी आस्वादक लेखन झाले. पंथ सोडणाऱ्यांच्या पुस्तकांकडे मात्र लक्ष गेले नाही. त्यांचे अंगरक्षक असलेले ह्यू मिल्न यांचे पुस्तक १९८६मध्ये आले; त्याच्या शीर्षकातील अपयशी ठरलेल्या देवाची कल्पना थेट १९४९च्या संग्रहातून उचललेली आहे. बाहेर पडलेल्याला स्वतःची भाषा नसते, म्हणून तो आधी बाहेर पडलेल्यांची भाषा उसनी घेतो. याचा यापेक्षा स्पष्ट पुरावा शोधावा लागणार नाही.

टिम गेस्ट यांचे 'माय लाइफ इन ऑरेंज' (२००४) हे त्याहून वेगळे आणि अधिक महत्त्वाचे पुस्तक आहे. आईने पंथ स्वीकारला म्हणून लहानपणीच ते भगव्या कपड्यांत आले, 'योगेश' झाले आणि इंग्लंडमधील 'मदीना' कम्यूनमध्ये इतर मुलांसमवेत, आईपासून दुरावून वाढले. त्यांनी पंथ निवडला नव्हता. त्यामुळे फसलेल्या सौद्याचा राग, नव्या वर्तुळाची मान्यता, पूर्वायुष्याचे समर्थन, ही समाजशास्त्रज्ञांनी सांगितलेली सारी कारणे येथे गैरलागू ठरतात. दोन नावांचा हा निवेदक मराठी वाचकाला अपरिचित वाटू नये. 'बलुतं'मध्ये (१९७८) दगडू आणि दया पवार यांच्या संवादातून जे दुभंगलेपण रूपात आले, त्याला आशयाची गरज म्हणून मराठी समीक्षेने अखेर मान्यता दिली. दलित आत्मकथनांवरही एकांगीपणाचा, आक्रस्ताळेपणाचा आणि घरातले उघड्यावर मांडल्याचा आक्षेप प्रथम घेतला गेला होताच. तो आक्षेप किती तोकडा होता, हे कळावयास समीक्षेला एक पिढी लागली. तोच धडा पुन्हा पहिल्यापासून गिरविण्याचे प्रयोजन नाही.

७

पंथत्यागी लेखनाला सवलत द्यावी, अशी ही मागणी नाही. त्याला कठोर प्रश्न विचारावेत, पण ते त्याच्या जातीचे असावेत. वक्त्याने पंथात असताना उपभोगलेली सत्ता आणि इतरांवर केलेला अन्याय आपल्या कथनात मोजला आहे काय? मिल्न यांच्यासारख्या अंगरक्षकाला हा प्रश्न विचारलाच पाहिजे. ज्यांना अद्याप बोलता येत नाही, त्यांच्यासाठी कथनात जागा आहे काय, की स्वतःच्या सुटकेपाशीच ते संपते? सांगितलेल्या तपशिलांना अन्यत्र दुजोरा मिळतो काय? भक्तीच्या काळातील आनंद खरा होता, हे मान्य करण्याचे धैर्य त्यात आहे काय? हा आनंद नाकारणारे कथन अपुरे ठरते, कारण मग माणसे तेथे इतकी वर्षे का राहिली, याचा उलगडा होत नाही.

शत्रूच्या हाती कोलीत देऊ नये, हा सल्ला पंथत्याग्याला नेहमी मिळतो. बहुसंख्याकांच्या द्वेषाला अल्पसंख्य समाजातील साक्षीचा उपयोग होतो, हे खोटे नाही. मारिया मंकची कथा तशीच खपली. पण त्यावरचा उपाय साक्ष दाबणे हा नसून ती नीट वाचणे हा आहे. तिचा गैरवापर करणाऱ्याला संपूर्ण संहिता नकोच असते. त्याला दोन-चार उतारे पुरतात. संपूर्ण संहिता वाचण्याची जबाबदारी विद्यापीठीय मराठी विभागांनी आजवर उचललेली नाही. आत्मचरित्राच्या अभ्यासपत्रिकेत रमाबाईंचा वाँटेजचा पत्रव्यवहार, १८६२च्या खटल्यातील जबान्या आणि नथवानी आयोगापुढील निवेदने यांना स्थान देण्यास कोणताही सैद्धांतिक अडथळा नाही. पहिली इंग्रजीत आहेत, दुसऱ्या न्यायालयीन आहेत, तिसरी 'साहित्य' नाहीत, ही उत्तरे अपेक्षितच आहेत. विठ्ठलपंतांचे म्हणणे कोणी टिपून ठेवले नाही, यासाठी तेराव्या शतकाला दोष देता येत नाही. ज्यांचे म्हणणे टिपून, छापून, ग्रंथालयात ठेवलेले आहे, ते न वाचण्याची जबाबदारी मात्र आजच्या समीक्षेची आहे.